हनादीच्या लग्नाचं काचेचं कपाट

मी काचेचं कपाट बोलतोय. आमच्या दुम्यात शहरात मला 'नीश' म्हणतात. तुमच्याही घरात माझा एखादा भाऊबंद असेलच. तो दर्शनी भिंतीला टेकून उभा असतो, त्याच्या पोटात सोनेरी काठाचे कप मांडलेले असतात, आणि पाहुणे आले की चहा मात्र स्वयंपाकघरातल्या टवके उडालेल्या कपांतून येतो. तर, तोच मी.

माझी उंची सव्वादोन मीटर आहे. तरीही ज्या माणसांमध्ये माझा जन्म झाला, ती मला अजून माझ्यापेक्षा उंच वाटतात. त्यांचीच गोष्ट सांगायची आहे. माझी स्वतःची अशी गोष्ट फार थोडी आहे. कपाटाला काय, उभं राहायचं असतं.

मला घडवलं उस्ता बहगत यांनी. उस्ता म्हणजे कारागिरांतला वडीलधारा. आमच्या शहरात नाईल नदी समुद्राला मिळायच्या बेतात असते आणि गल्लीगल्लीतून करवतींचा आवाज येत असतो. उस्तांचं दुकान अशाच एका गल्लीत आहे. त्यांची एकुलती एक मुलगी हनादी पहिलीत गेली, त्या वर्षी ईदला त्यांनी बीच झाडाची एक चांगली फळी बाजूला काढून पोटमाळ्यावर ठेवली. पुढच्या ईदला दुसरी. लाकूड जहाजाने परदेशातून यायचं, महाग असायचं, पण एक फळी ते ठेवायचेच. सोळा वर्षांत सोळा फळ्या झाल्या.

त्या फळ्या म्हणजे मी. पोटमाळ्याच्या उबेत मी पडून असायचो आणि खाली हनादी वाढत होती. भुशाच्या ढिगात खेळणारी, मग शाळेचं दप्तर घेऊन धावणारी, मग वडिलांच्या गिऱ्हाइकांशी घासाघीस करणारी. माणसाचं पोर इतक्या भराभर मोठं होतं याचं मला नवल वाटायचं. झाडाला तेवढं व्हायला शंभर वर्षं लागतात.

हनादी तेवीस वर्षांची झाली आणि तिची सोयरीक ठरली. मुलगा वगदी, जवळच्याच इज्बत अल-बुर्ज बंदरातला. मासेमारीच्या बोटींची इंजिनं दुरुस्त करायचा. दोघांनी एकमेकांना आधीच पसंत केलं होतं, मोठ्यांनी फक्त फातिहा वाचून सोयरीक पक्की केली. कुणी काय द्यायचं तेही तिथेच ठरलं. मुलाने फ्लॅट, झोपायच्या खोलीचं सामान, लग्नाचा हॉल आणि बैठकीत लावायला झुंबर. मुलीने स्वयंपाकघर, सगळी यंत्रं, गालिचे आणि नीश.

हे असंच का, असं कुणी विचारलं नाही. सगळ्यांचं असंच असतं.

पुढच्या दोन वर्षांत भाव असे चढले की सकाळी ऐकलेली किंमत संध्याकाळी खोटी ठरायची. एक लाकूडवाला पोटमाळ्याकडे बघत म्हणाला, "उस्ता, त्या फळ्यांचे घेतल्यापेक्षा सहापट देतो. आत्ता, रोख."

"त्या विकायच्या नाहीत," उस्ता म्हणाले.

"कुणाच्या आहेत?"

"आहेत एका गिऱ्हाइकाच्या. लहान आहे अजून."

मग दर शुक्रवारी, जुम्म्याची नमाज झाली की, दुकान बंद ठेवून ते मला घडवू लागले. मी तुम्हाला काय सांगू! डोळे मिटून ते फळीवर तळवा फिरवायचे आणि आतली गाठ कुठे आहे ते त्यांना कळायचं. रंधा मारताना कानाने ऐकायचे. खिळा कुठेच नाही, सगळे सांधे एकमेकांत बसवलेले. माथ्यावर त्यांनी डाळिंबांची वेल कोरली, आणि प्रत्येक डाळिंब वेगळं. पाच महिने लागले. ज्या दिवशी माझ्या दारांना काचा बसल्या, त्या दिवशी माझ्यात पहिल्यांदा एक चेहरा दिसला. भुसा लागलेल्या भुवया, कानामागे पेन्सिल. इतकं सुंदर काही मी नंतर पाहिलेलं नाही.

मला घरी आणून बैठकीत उभं केलं. तिथे हनादीच्या आईने, इन्शिराहबाईंनी, आधीच खोक्यांचा डोंगर रचला होता. धुलाई यंत्र, फ्रिज, मिक्सर, भांडी धुवायचं यंत्र, गालिच्यांच्या वळकट्या. त्यांनी माझ्यात सोनेरी काठाचे बारा कप मांडले आणि दूर जाऊन बघत राहिल्या.

"गल्लीतल्या नशवाच्या आईने तिला चोवीस टॉवेल दिलेत," त्या म्हणाल्या.

"नशवाला चोवीस अंगं आहेत का?" उस्ता म्हणाले.

"थट्टा करू नका. सामान सासरी निघतं तेव्हा गल्ली मोजत असते. मला मान खाली घालायला लावू नका म्हणजे झालं."

दुसऱ्या दिवशी टॉवेल आले.

हे सगळं कुठून येत होतं ते मला ठाऊक होतं, कारण त्याचे कागद माझ्याच खालच्या खणात होते. यंत्रांच्या दुकानदाराने उस्तांकडून हप्त्यांपोटी अमानतीच्या कागदांवर, म्हणजे 'ही रक्कम माझ्याकडे ठेव म्हणून आहे' अशा कबुलीवर, सह्या घेतल्या होत्या. आमच्याकडे त्या कागदाला माणसं विंचवासारखी भितात. हप्ता चुकला आणि दुकानदाराच्या मनात आलं तर सही करणारा तुरुंगात जातो. बायकोला त्यांनी सांगितलं होतं, कागद दोनच आहेत. होते सात. दर महिन्याच्या एक तारखेला ते माझा खण उघडायचे, सातही वाचायचे आणि हळूच बंद करायचे.

एका शुक्रवारी दुपारी वगदी फ्लॅटची मापं घेऊन आला. इन्शिराहबाई स्वयंपाकघरात मासे तळत होत्या, मधलं दार सताड उघडं. हनादीने टेपचं एक टोक धरलं.

"रुंदी दोन मीटर," वगदी म्हणाला आणि डोकं खाजवू लागला. "भिंत एक मीटर ऐंशीची आहे."

"मग?"

"मग काय, लग्नानंतर भिंतीला जरा खाऊपिऊ घालू. वाढेल."

ती हसली. तो वाकून खालची रुंदी मोजायला गेला आणि त्याच्या खिशातून एक निळं पुस्तक पडलं. खलाशाचं पुस्तक, बोटीवर नोकरीला जायचा परवाना, कोरं करकरीत. हनादीने ते उचललं. तिचं हसू गेलं.

"तू बोटी दुरुस्त करतोस. तुला हे कशाला?"

"सहा महिन्यांचं काम आहे. इंजिन सांभाळायचं. पगार दुप्पट."

"कुठे?"

"खाली, दक्षिणेला."

"वगदी, कुठे?"

त्याने एका देशाचं नाव हळू आवाजात घेतलं. ते पाणी दुसऱ्यांचं. तिथे आमच्या बोटी चोरून जाळी टाकतात. काही बोटी पकडल्या जातात, आणि माणसं दोन-दोन वर्षं परक्या तुरुंगात खितपत पडतात. काही नुसत्याच येत नाहीत. वगदीचे वडील एकोणीस वर्षांपूर्वी अशाच बोटीवर गेले होते.

"आईला सांगू नकोस," तो म्हणाला. "हॉलवाला आगाऊ मागतोय. झुंबर राहिलंय. मी कुठून आणू?"

"माप लिहून ठेवते," एवढंच पुटपुटून हनादीने कागदासाठी माझा खालचा खण ओढला.

तिच्या हाताला ते सात कागद लागले.

ती खाली बसली. एकेक वाचला आणि वगदीकडे दिला. त्यानेही वाचले. तोही खाली बसला. स्वयंपाकघरातून तेलाचा चर्र आवाज येत होता.

"म्हणजे तू समुद्रात," हनादी म्हणाली, "बाबा तुरुंगात, आणि मी या कपाटासमोर बसून कप पुसायचे. छान संसार आहे."

वगदीला हसू आलं, आणि मग ते हसू नाही हे माझ्या लक्षात आलं. त्याने तोंडावर बाही धरली होती. त्या दोघांमध्ये तोवर फक्त गोड बोलणं झालेलं मी ऐकलं होतं. त्या दुपारी पहिल्यांदा ते नवरा-बायकोसारखे बोलले. कुणाकडे किती आहे, काय नको आहे, कशाची भीती वाटते. मासे तळून होईपर्यंत बोलत होते. लग्न त्या दिवशीच लागलं असं मी मानतो.

पुढच्या आठवड्यात यादी करायला वगदीकडची मंडळी आली. मुलीचं सगळं सामान यादीत मांडायचं आणि मुलाने त्यावर सही करायची, असा रिवाज. वगदीची आई हाज्जा तफीदा पुढे बसल्या, काळा झगा, हातात काठी. वगदीचे मामा पेन सरसावून बसले. हाज्जांनी मला खालपासून वरपर्यंत न्याहाळलं.

"लाकूड अस्सल आहे ना उस्ता? की वरून साल चिकटवलीय?"

"नखाने खरवडून बघा हाज्जा," उस्ता म्हणाले. "नख तुटेल."

मामांनी लिहायला सुरुवात केली. इतक्यात हनादी आली आणि तिने माझी दारं उघडली. सहा कप काढले, धुतले आणि चहा ओतू लागली.

"अगं, ते सेटमधले!" आई कुजबुजली, पण सगळ्यांना ऐकू गेलं.

"चहा प्यायचेच कप आहेत ना आई?"

सगळ्यांच्या हातात कप दिल्यावर तिने तबकाखालून सात कागद आणि ते निळं पुस्तक काढलं आणि मामांच्या पुढ्यात ठेवलं.

"मामा, हेही यादीत लिहा. सात सह्या, माझ्या वडिलांच्या. आणि एक नवरा, सहा महिने समुद्रात. एवढं सगळं घेऊन मी तुमच्या घरी येणार आहे."

मी लाकडाचा आहे, मला श्वास नाही. पण तेव्हा त्या खोलीत कुणालाच नव्हता.

"सात?" इन्शिराहबाई उस्तांकडे वळल्या. "दोन म्हणाला होतात तुम्ही. सात?"

मामा रागाने लाल झाले. "ही काय रीत झाली? मुलगी चारचौघांत बापाची झाकली मूठ उघडते?"

हाज्जा तफीदांनी मात्र यातलं काहीच ऐकलं नव्हतं. त्या निळ्या पुस्तकाकडे बघत होत्या. त्यांनी ते उचललं, मुलाचा फोटो पाहिला, बोटाने पुसला.

"कधी निघणार होतास?"

"लग्नानंतर तिसऱ्या आठवड्यात," वगदी म्हणाला.

"कशासाठी?"

"हॉलसाठी, आई. झुंबरासाठी. तू म्हणालीस ना, चुलतभावापेक्षा कमी नको."

"मी म्हणाले," हाज्जा म्हणाल्या. मग पुन्हा, हळू, "मीच म्हणाले."

त्यांनी कपातला गरम चहा एका दमात संपवला आणि कप खाली ठेवला.

"खोड," त्या भावाला म्हणाल्या.

"काय खोडू?"

"हॉल खोड. झुंबर खोड. साधा दिवा लावू, उजेड पडल्याशी कारण."

"पण हाज्जा," इन्शिराहबाई रडवेल्या झाल्या होत्या, "लोक काय म्हणतील?"

"म्हणू देत. माझा माणूस परत आला नाही तेव्हा लोकांनी चाळीस दिवस जेवण आणून दिलं. देव त्यांचं भलं करो. एकेचाळिसाव्या दिवशी चूल मलाच पेटवायला लागली. भांडी धुवायचं यंत्र कशाला गं? हात नाहीत तुझ्या लेकीला? खोड ते. चोवीस टॉवेल! खोड."

मामांच्या पेनाला उसंत नव्हती. एकेक गोष्ट कमी होत होती आणि त्या खोलीतली माणसं जणू एकेक ओझं उतरवून ताठ बसत होती. मी हे कधी पाहिलं नव्हतं. आयुष्य घालवून जमवायचं ठरवलेल्या गोष्टी माणसं एका चहाच्या वेळात सोडू शकतात, हे मला त्या दिवसापर्यंत माहीत नव्हतं.

मग मामांचं पेन माझ्याकडे वळलं. "आणि हा?"

हाज्जांनी उस्तांकडे पाहिलं आणि नजर खाली घेतली. जीभ कितीही तिखट असली तरी कुठे थांबायचं ते त्यांना कळत होतं. उस्ता उठले आणि बाहेर गेले.

दुसऱ्या सकाळी ते माझ्यासमोर येऊन उभे राहिले. माथ्यावरच्या डाळिंबांवरून हात फिरवला.

"तिच्यासाठी करतो म्हणायचो," ते माझ्याशीच बोलले. "खरं सांगू का? गल्लीतून तुला मिरवत नेताना सगळ्या सुतारांनी बघावं, असं वाटत होतं मला."

हनादी मागे उभी होती. तिचे डोळे सुजले होते.

"बाबा, याला नका विकू. बाकीचं जाऊ दे. सोळा वर्षं आहेत तुमची यात."

"सोळा वर्षं फळ्या ठेवल्या त्या कशासाठी गं?" ते म्हणाले. "लेकीच्या लग्नात अडचण आली तर उपयोगी पडाव्यात म्हणूनच ना? मग पडू दे की उपयोगी."

त्यांनी पॉलिशची बाटली काढली आणि मला शेवटचा हात मारायला घेतला. फडकं घेऊन दुसऱ्या बाजूने हनादीही पुसू लागली.

मला विकत घेतलं डॉक्टर इब्तिहाल यांनी. मन्सूराजवळच्या एका खेड्यात त्या औषधांचं दुकान काढत होत्या. इतकं भारी लाकूड औषधांना कशाला, असं कुणीतरी विचारलं, तेव्हा त्या म्हणाल्या, "आजारी माणसाने आल्या आल्या काहीतरी सुंदर बघावं." पैसे पुरते मोजले. सहा कागद फाडले गेले. सातवा, भांडी धुवायचं यंत्र परत करून सुटला. दुकानदाराने कुरकुर केली, थोडे पैसे कापलेही.

लग्न मात्र बघून जा, असं म्हणून डॉक्टरीणबाईंनी मला दोन दिवस तिथेच राहू दिलं. गुरुवारी दुपारी दुकानाच्या दारातच मांडव पडला. कामाच्या फळ्यांची टेबलं झाली. वगदीच्या मित्रांनी पहाटेच्या बोटीची मासळी आणली होती, तिचा भात शिजला. मला घरातून दुकानाच्या उंबऱ्याशी आणलं आणि माझ्या सगळ्या फळ्यांवर सरबताचे पेले मांडले. येईल तो माझं दार उघडायचा, पेला घ्यायचा, रिकामा आणून ठेवायचा. मी हर्षाने बावरून गेलो होतो. एवढे हात एका दिवसात!

शेजारच्या एका बाईने इन्शिराहबाईंना टोमणा मारलाच. "नीश नाही दिलात म्हणे मुलीला?"

"दिला की," इन्शिराहबाई म्हणाल्या. "तू आत्ता पितेयस ना सरबत, ते त्यातलंच." आणि तोंड फिरवून त्यांनी डोळे टिपले. त्यांना वाईट वाटत होतं. खोटं कशाला सांगू? चार दिवसांत कुणी इतकं बदलत नाही. पण मग हाज्जा तफीदांनी जीभ हलवून अशी लांब किलकारी काढली की गल्लीतली कबुतरं उडाली, आणि इन्शिराहबाईंनीही तिला साथ दिली. मामा आले नव्हते. उस्ता हातात काठी धरून नाचले. सुतार इतका हलका नाचतो हे कुणाला खरं वाटलं नसतं.

शनिवारी मी गाडीत चढलो.

या गोष्टीला तीन वर्षं झाली. मी आता खेड्यातल्या औषधाच्या दुकानात उभा आहे. वरच्या फळीवर लहान मुलांची औषधं, मध्ये खोकल्याची आणि साखरेच्या आजाराची, खाली मलमपट्टी. माझ्यासमोर माणसं चिठ्ठी पुढे करतात, भाव ऐकतात, एक गोळी कमी करून मागतात. आई स्वतःचं औषध राहू दे म्हणते आणि लेकराचं घेते. मी ते पाहतो आणि मला पुन्हा पुन्हा आश्चर्य वाटतं, की ही माणसं एवढं वाहतात कशी?

गेल्या हिवाळ्यात माझं एक दार लोंबू लागलं. डॉक्टरीणबाईंनी दुम्यातला निरोप धाडला. उस्ता बहगत स्वतः आले. केस पिकलेले, गुडघे धरलेले. त्यांच्याकडूनच घरचं कळलं. हनादीला मुलगी झाली. पहिलं वर्षभर त्यांच्या खिडक्यांना पडदे नव्हते, जुन्या चादरी लावल्या होत्या. ती दक्षिणेला गेलेली बोट सुखरूप परत आली, तिच्यावर गेलेल्या वगदीच्या दोस्ताने त्या पैशात मोटारसायकल घेतली. "वगदीने ती बघितली, जरा जास्तच वेळ," उस्ता हसून म्हणाले. "मग घरी जेवायला गेला."

त्यांनी माझी बिजागरी काढून उजेडात धरली. पितळ झिजून कागदासारखं पातळ झालं होतं.

"फार उघडझाक होते हो," डॉक्टरीणबाई ओशाळून म्हणाल्या. "दिवसातून पन्नास वेळा तरी. चूक आमचीच."

उस्तांनी झिजलेल्या पितळावरून अंगठा फिरवला.

"बाई, पस्तीस वर्षं हीच कपाटं करतोय," ते म्हणाले. "बिजागरी झिजली म्हणून मला आजवर कुणी बोलावलं नव्हतं."

मजुरी त्यांनी घेतली नाही. गुडघ्याच्या मलमाची एक नळी घेतली, तीही माझ्यातूनच, स्वतःच्या हाताने दार उघडून.

तुमच्या घरी माझा जो भाऊ उभा आहे, त्याच्यासाठी एक मागणं आहे. आज पाहुणे आले तर त्याचं दार उघडा. फुटला एखादा कप तर फुटू दे.

आता बोलणं पुरे. दारात एक म्हातारी उभी आहे, खोकतेय, आणि तिचं औषध माझ्या मधल्या फळीवर आहे.